नकलनवीस

अकोल्याच्या कोर्टात ते नकलनवीस होते. निकालांच्या, जबान्यांच्या, खरेदीखतांच्या नकला उतरवायच्या आणि खाली ‘खरी नक्कल’ असं लिहून सही करायची, हे त्यांचं काम. संध्याकाळी त्याच हातानं ते लोकांना हसवण्यासाठी लिहीत. “दिवसा बी नकला, संध्याकाळी बी नकला,” असं ते सांगत, आणि सांगताना त्यांचा चेहरा पुढची तारीख पडलेल्या पक्षकारासारखा असे. सगळे त्यांना बाबूजी म्हणत. मीही तेच म्हणत आलो.

उन्हाळ्यात अकोल्याचे रस्ते दुपारी ओस पडतात. बाबूजी तेव्हाही गळ्यापर्यंत बटणं लावलेला काळा कोट घालून सावकाश चालत जायचे. कुठेही चार माणसं बोलत असली की थांबायचे. लोकांना वाटे, सावलीला थांबलेत. ते ऐकत असायचे. कोण हसलं याच्याशी त्यांना फारसं कर्तव्य नव्हतं; कोण हसलं नाही, आणि का, हे त्यांना हवं असे. एकदा रविवारी ते मला परतवाड्याच्या बाजारात घेऊन गेले. मला वाटलं काही खरेदी असेल. एसटीच्या स्टँडवर एका बाकावर आम्ही चार तास बसलो आणि परत आलो. येताना मी विचारलं, “बाबूजी, काय भेटलं?” तर म्हणाले, “एका बाईले नवरा ‘निघाचं का?’ म्हनला, तिनं ‘हाव’ म्हनलं. तसं ‘हाव’ मी अजून आयकलं नोतं.”

लिहून झालेलं पहिल्यांदा ते आपल्या बायकोला वाचून दाखवत. आम्ही त्यांना माई म्हणायचो. माई ज्वारी निवडत बसलेल्या आणि बाबूजी उभं राहून, साक्षीदाराची जबानी वाचावी तशा सुरात विनोद वाचतायत, असं ते दृश्य असायचं. वाचून झालं की माई मान वर करून म्हणायच्या, “मंग?” तेवढं झालं की तो कागद बाद. माईंनी कधी पदर तोंडाला लावला तर तो राहायचा. महिन्याकाठी दोन-तीन राहत असतील.

मी तेव्हा अकोल्यात प्राथमिक शाळेवर मास्तर होतो. धर्मांतराला वर्ष-दीड वर्ष झालं होतं. घरातले जुने देव गेले होते, माझ्या वडिलांनी गावकीची कामं सोडली होती, आणि मी शिकून गुरुजी झालो होतो. मला आवाज काढता यायचे. रेल्वेचा गार्ड, हेडमास्तर, कापूस बाजारातला दलाल, कोणाचाही. शाळेच्या संमेलनात बाबूजींनी मला ऐकलं आणि दुसऱ्या दिवशी घरी बोलावलं. त्यांच्याकडे शारदोत्सवासाठी एक नवाच प्रकार घाटत होता. रंगमंचावर तक्तपोस टाकायचा, त्यावर दोन गप्पिष्ट माणसं बसवायची, आणि गावातल्या एखाद्या खऱ्याखुऱ्या माणसाला पाहुणा म्हणून बोलवायचं. डॉक्टर, पहिलवान, टॉकीजमधला ऑपरेटर, कोणीही. पाहुण्याला प्रश्न विचारायचे, मध्ये मध्ये नकला करायच्या. त्यांनी याला ‘बैठक’ असं नाव दिलं होतं. लिहायचं त्यांनी, बसवायचं त्यांनी, पाहुणा शोधायचा त्यांनी.

पहिल्या दिवशी त्यांनी माझ्या हातात जो कागद दिला त्यात एक येसकर होता, गावच्या वेशीचा राखणदार. हातात काठी, खांद्यावर घोंगडी, पाटलापुढे वाकून जोहार घालणारा. तेव्हाच्या सगळ्या विनोदी नाटकांत तो असायचाच. मी कागद परत दिला. म्हणालो, “बाबूजी, माह्या आज्यानं हे खरोखर केलं आहे. मी हे करनार नाई.”

बाबूजींनी कागद घेतला, टाक उचलला आणि त्या सगळ्या मजकुरावर आडवी रेघ मारली. “नाई करू,” म्हणाले.  पुढे कधी येसकर लिहिला नाही.

तालमी घ्यायची त्यांची रीत विचित्र होती. आम्हाला ते भिंतीकडे तोंड करून बोलायला लावत. तोंड वेडंवाकडं करून हशा मिळवलेला त्यांना खपत नसे. “लोकाईले हसू मांगू नका,” म्हणत. “तुमी बोला. थे पाहून घेतीन.” मला एकदा म्हणाले, “गुरुजी, तुमी आवाज लय काढता. मानूस कमी काढता.” मला ते लागलं होतं. पण मला टाळ्या मिळत होत्या, त्यामुळे फार काळ लागलं नाही.

बैठकीच्या दुसऱ्या वर्षी मिस्त्रीची नक्कल झाली.

कापूस बाजाराच्या मागे एक मिस्त्री होता. ऑइल इंजिनं दुरुस्त करायचा. हात सोन्याचा, पण बोलताना अडकायचा. इंजिनाच्या विक्रीवरून कोर्टात एक दावा चालला, त्यात तो साक्षीदार होता. बाबूजी हातातलं काम ठेवून कोर्टाच्या दालनात जाऊन बसले आणि त्याची साक्ष त्यांनी ऐकली. घरी येऊन लिहिलं. शेतकऱ्याचं इंजिन सुरू होत नाही, मिस्त्रीचा शब्दही सुरू होत नाही. शेतकरी दोघांना ढकलून पाहतो. शेवटी मिस्त्रीचं अडखळणं आणि इंजिनाची फटफट एकात एक मिसळून जाते आणि दोन्ही एकदम सुरू होतात. माईंनी ऐकताना पदर तोंडाला लावला होता.

मी ती नक्कल केली. भिंतीकडे तोंड करून महिनाभर घोटली होती. त्या संध्याकाळी लोक खुर्च्यांवरून खाली आले हसून. पुढच्या रांगेतले वकील डोळे पुसत होते. दोनदा ‘पुन्हा’ आलं, मी दोनदा केलं. आत आलो तेव्हा घामानं भिजलो होतो आणि आयुष्यात इतका आनंद मला कधी झाला नव्हता.

बाबूजी विंगेत पेटीच्या खोक्यावर बसले होते.

“गुरुजी,” म्हणाले, “मिस्त्री आला होता.”

“कोन्ता मिस्त्री?”

“आपला. चौथ्या लाइनीत. बायको होती संग, पोरगी होती.”

मी पडद्याच्या फटीतून पाहिलं. लोक उठून चालले होते. मला कोणी ओळखू आलं नाही.

त्यानंतर बाजारातली पोरं त्याच्या दुकानापुढून फटफट करत पळायला लागली. मोठी माणसंही, इंजिन घेऊन आलेली, आधी एकदा हसून घेत. मिस्त्री बोलेनासा झाला. खुणांनी काम करायचा. दोन-अडीच महिन्यांनी दुकान बंद दिसलं. शेजारच्या पानवाल्यानं सांगितलं, बिऱ्हाड घेऊन पातूरला गेला, सासऱ्याच्या गावी.

बाबूजी हे सगळं मला येऊन सांगत. रागानं सांगत नसत. रोजनामा वाचावा तसं सांगत.

त्याच सुमाराला नागपूरच्या रेडिओवरून पत्र आलं. तिथल्या एका अधिकाऱ्यांनी आमची बैठक पाहिली होती. खेड्यांतल्या श्रोत्यांसाठी असंच काही दर आठवड्याला करता येईल का, असं विचारलं होतं. चाचणीला या, आणि ती मिस्त्रीची नक्कल आणा, असं खाली लिहिलं होतं. मी पत्र चारदा वाचलं. माझ्या गावी ग्रामपंचायतीत रेडिओ होता. माझी आई चावडीच्या ओट्याखाली उभी राहून मला ऐकेल, असं माझ्या डोळ्यापुढे आलं. तोवर त्या ओट्याखाली उभं राहून आम्ही फक्त हुकूम ऐकले होते.

“मिस्त्री न्याचा नाई,” बाबूजी म्हणाले.

“पन त्यायनं थेच मांगितलं आहे.”

“दुसरं देऊ.”

“दुसऱ्यात दम नाई, बाबूजी. तुमाले बी माईत आहे. अन् आपन त्याचं नाव कुठी घेतलं? अख्ख्या नकलेत नाव नाई.”

बाबूजींनी माझ्याकडे पाहिलं. “येसकराच्या नकलेत बी कोनाचं नाव नसते, गुरुजी.”

मला उठून जावंसं वाटलं.  त्यांनी पेटीतून त्या नकलेचे कागद काढले. फाडले नाहीत, कागद फाडणं त्यांच्या हाताला ठाऊक नव्हतं. प्रत्येक पानावर लाल शाईनं ‘रद्द’ लिहिलं आणि खाली छोटी सही केली. सात पानं होती. सातव्या पानाशी थांबून म्हणाले, “कोर्टात त्याच्या जबानीची नक्कल मीच उतरवली होती. कागदावर थे सरळ आहे. सरकारी कागदात कोनी अडकत नाई. मी थे घरी आनून वाकडी केली.”

आम्ही दुसरं घेऊन गेलो. ते पडलंच म्हणायचं. पण अधिकारी चांगले होते. पंधरवड्यातून एकदा दहा मिनिटं देऊन पाहू, म्हणाले.

त्या दहा मिनिटांपासून बाबूजींनी पुढची आठ-नऊ वर्षं उभी केली. दहाची वीस झाली, पंधरवड्याचा आठवडा झाला. माइकपुढची दोन गप्पिष्ट माणसं आता बाबूजी आणि मीच होतो. माझी बदली अमरावतीला झाली. बाबूजी अकोल्याहून पॅसेंजरनं येत, मी बडनेऱ्याला त्याच डब्यात चढत असे, आणि नागपूर येईपर्यंत आमची तालीम चाले. समोरची माणसं आम्हाला भांडकुदळ भाऊ समजत. कार्यक्रमात एक नियम होता, आणि तो बाबूजींनी मिस्त्रीनंतर केला होता. फजिती व्हायची ती आम्हा दोघांची, पाहुण्याची नाही. शेवटचा शब्दही पाहुण्याचा. दुसरं असं की पाहुणा कोणीही असो, डॉक्टर असो की कृषी अधिकारी, तो वऱ्हाडीच बोलणार. नोकर वऱ्हाडी आणि मालक पुणेरी, हा प्रकार त्यांनी कधी होऊ दिला नाही. सुरुवातीला काही शिकलेल्या लोकांची नाराजीची पत्रं आली. बाबूजींनी प्रत्येकाला उत्तर लिहिलं, वऱ्हाडीत.

माइकपुढे माणसं घाबरत. त्यासाठी बाबूजी पाहुण्याला सांगत, आपल्या कामाचं हत्यार संग आणा. सुईण कात्री घेऊन आली, गवंडी थापी घेऊन आला. हातात ओळखीची वस्तू आली की त्यांची जीभ सैल होई. चाळीस-पन्नास गावांतली माणसं त्यांनी अशी बोलती केली असतील. कोर्टातली नोकरी मात्र सोडली नाही. रजा मांडून येत आणि दुसऱ्या दिवशी कोट घालून नकला उतरवायला बसत.

ते गेले तेव्हा अकोल्याच्या वाचनालयात शोकसभा झाली. वक्त्यांनी त्यांचे विनोद सांगितले, लोक दबून हसले. पुढे माई बसल्या होत्या. एका वक्त्यानं एक विनोद बराच रंगवून सांगितला. तो संपल्यावर सभा शांत होती, त्या शांततेत माईंचा आवाज आला, “मंग?” पुष्कळांना कळलं नाही. मी मान खाली घातली.

पण मला सांगायचं आहे ते पातूरचं.

कार्यक्रमाला पाच वर्षं झाली असतील. पातूरकडच्या गावांतून पत्रं यायला लागली. आमच्याकडे इंजिनाचा एक मिस्त्री आहे, त्याच्यासारखा माणूस जिल्ह्यात नाही, त्याला रेडिओवर बोलवा. एक पत्र आलं, चार आली, मग एकाच कागदावर वीस-पंचवीस सह्या-अंगठ्यांचं आलं. बाबूजींनी ती सगळी एका दोऱ्यानं बांधून ठेवली. दोन महिने तो गठ्ठा त्यांच्या पेटीत राहिला. मग एका शनिवारी म्हणाले, “गुरुजी, उद्या पातूरले चाला.”

मिस्त्रीचं घर गावाच्या कडेला होतं. अंगणात एक इंजिन खोलून पसरलं होतं. मिस्त्री उकिडवा बसून एकेक भाग रॉकेलमध्ये धूत होता. केस पांढरे झाले होते. त्यानं आम्हाला ओळखलं. मला तर लगेच ओळखलं.

“ब… बसा,” म्हणाला.

बाबूजी बसले नाहीत. कोटाची बटणं तशीच, उन्हात उभे राहून म्हणाले, “मिस्त्री, थे मी लिवलं होतं. या गुरुजींनी फक्त वाचलं. चुकलं माह्यं.”

 ते माझा वाटा वगळतायत हे मला ऐकू येत होतं, आणि मी त्यांना तो वगळू दिला.

मिस्त्रीनं हातातला भाग फडक्यानं पुसला, उन्हात धरून पाहिला, बाजूला ठेवला. बोलायला त्याला वेळ लागला. “राग होता. दोन वरसं होता. मंग इं… इंजिनं लय झाली गावात. राग कराले टाइम नाई भेटला.”

घरातून एक सोळा-सतरा वर्षांची मुलगी चहा घेऊन आली. कपबशा ठेवून ती आत गेली नाही, तिथंच उभी राहिली. आणि एकदम म्हणाली, “मी बी हासली होती त्या दिवशी. सगळ्यात जोरात.”

मिस्त्रीनं तिच्याकडे पाहिलं नाही. “अकरा वर्साची होती थे,” एवढंच म्हणाला, आम्हाला. मुलगी जे बोलली ते त्यांच्या घरात आजवर कोणी बोललं नव्हतं, हे त्या दोघांच्या उभं राहण्या-बसण्यावरून कळत होतं.

बाबूजी तिला म्हणाले, “पोरी, थे हसू तुह्यं नोतं. मी काढलं थे तुह्या तोंडातून. हिरीतून पानी काढते तसं.”

 ती बापाजवळ खाली बसली आणि रॉकेलच्या घमेल्यात हात घालून एक नट उचलला.

बाबूजींनी पत्रांचा गठ्ठा मिस्त्रीपुढे ठेवला. मुलीनं ती वाचून दाखवली, अंगठा कोणाचा तेही सांगितलं. मिस्त्रीनं फडक्याला हात पुसले.

“येतो,” म्हणाला. “पन एक आहे. मंधात बोलाचं नाई. मी अ… अडकलो का लोक मले शब्द देतात. माहा शब्द दुसराच असते. पन मी त्यायचा घेऊन टाकतो. सुटका होते म्हनून.”

“नाई देनार,” बाबूजी म्हणाले.

नागपूरच्या स्टुडिओतून कार्यक्रम थेट जात असे. मिस्त्री हातात पाना घेऊन बसला होता. मुलगी काचेपलीकडे अधिकाऱ्यांशेजारी उभी होती. सुरुवातीला बरं चाललं. आमची फजिती झाली, मिस्त्री अडकत अडकत पण नीट बोलला. मग बाबूजींनी विचारलं, “इंजिन तापून बंद पडलं तर आधी काय पाहाचं?”

“पि…” मिस्त्री म्हणाला. “पि… पि…”

आणि थांबला. शब्द येईना. त्याचा गळा ताणला गेला, डोळे मिटले. माइकवर नुसता त्याचा श्वास जात होता. काचेपलीकडे अधिकारी हात हलवत होते. गावोगाव लोकांनी सेट बंद पडला म्हणून त्याला थापट्या मारल्या असतील. माझ्या जिभेवर ‘पिस्टन’ तयार होता. मी तोंड उघडलंही. बाबूजींनी टेबलाखाली माझं मनगट धरलं. इतक्या जोरानं की पुढे दोन दिवस ते दुखत होतं. त्यांचे डोळे मात्र मिस्त्रीवर होते, आणि त्यांत घाई नव्हती. जगात दुसरं काही काम नाही असे ते बसले होते.

“पितळ,” मिस्त्री म्हणाला. “पितळेची बुश पाहाची आधी. लोक पिस्टन खोलतात. तठीच चुकते.”

त्या आठवड्याइतकी पत्रं आम्हाला पुन्हा आली नाहीत. बहुतेक सगळी बुशीबद्दल होती.

ती रात्र आम्ही धर्मशाळेत काढली आणि सकाळच्या पॅसेंजरनं परत निघालो. डबा रिकामाच होता. मुलगी खिडकीशी, मिस्त्री तिच्याजवळ, आम्ही दोघं समोर. वर्धा गेलं, पुलगाव गेलं. मिस्त्रीला मोकळं वाटत असावं. तो माझ्याकडे वळून म्हणाला, “गुरुजी, थे न… नक्कल करून दाखवा बरं.”

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं.

“खरंच. मी त्या दिवशी पाह्यलीच नाई. मी पोरीकडे पाहून राहिलो होतो.”

मी सुरुवात करायला तोंड उघडलं. सगळं पाठ होतं. पण माझ्या आजोबांची काठी, आईचा ओटा, सगळं एकदम आठवलं आणि माझ्या तोंडून अक्षर फुटेना. “नाई होत,” एवढं कसंबसं म्हणालो. “माफ करा मिस्त्री. मी बी होतो त्यात.”

मिस्त्री हात हलवून राहू द्या म्हणाला असता. पण बाबूजी म्हणाले, “थांबा. मी सांगतो.”

आणि ते सांगायला लागले. सात पानं त्यांनी रद्द केली होती, पण त्यातला काना-मात्रा त्यांना ठाऊक होता. हात मांडीवर ठेवून, समोर पाहत, कोर्टात जबानी वाचतात त्या सुरात. शेतकरी म्हनते, मिस्त्री, गहू वाळून राहिला. मिस्त्री म्हनते, पाहू द्या. शेतकरी म्हनते, कवा सुरू होईन. मिस्त्री म्हनते, पाना द्या इकडे. एकदाही अडकले नाहीत. एकदाही फटफट केली नाही. सगळं सरळ, वाक्यामागून वाक्य. एक माणूस एका माणसाचं इंजिन दुरुस्त करत होता, आणि शेवटी ते सुरू होत होतं.

मिस्त्रीनं मान थोडी तिरपी करून सगळं ऐकलं, इंजिनाचा आवाज ऐकावा तसं.

“यात हासासारकं काय होतं?” त्यानं विचारलं.

“काईच नोतं,” बाबूजी म्हणाले.

धामणगाव आलं. मुलीनं भाकरी सोडली, चौघांना वाढली. बडनेऱ्याला मला उतरायचं होतं, शाळा होती. मी उतरलो नाही. अकोल्यापर्यंत त्यांच्याबरोबर गेलो, आणि तिथून पातूरच्या गाडीत त्या दोघांना जागा धरून दिली.